टॅसिटस ज्यूंवर एवढा का उखडलाय? ग्रीक-रोमन लोकांचं नक्की मत काय होतं?

पेंगुळलेला_वाचक

मंडळी, एक शंका आहे, जाणकारांनी प्रकाश टाकावा. सध्या झोपेचं खोबरं झालंय म्हणून रात्री इसवी सन ७० मध्ये रोमनांनी जेरुसलेमला घातलेल्या वेढ्यावर वाचत बसलो होतो. त्यात आलं की टॅसिटसने 'हिस्टरीज'च्या पाचव्या भागात वेढ्याची गोष्ट सुरू करायच्या आधी ज्यू लोकांची ओळख करून दिलीये, म्हटलं चला मूळच वाचू, इंग्रजी भाषांतर नेटवर फुकट आहे. वाचून उडालोच राव. रोमचा सगळ्यात थंड डोक्याचा इतिहासकार म्हणून आपण ह्याचं नाव ऐकत आलो आणि इथे गडी नुसता सुटलाय. काय तर म्हणे इजिप्तमध्ये रोगाची साथ आली म्हणून राजाने ह्यांना हाकललं, वाळवंटात तहानेने मरायला टेकले तेव्हा रानगाढवांच्या कळपामागे गेले आणि पाणी सापडलं, म्हणून देवळाच्या गाभाऱ्यात गाढवाची मूर्ती बसवली, सातव्या दिवशी काम नाही कारण आळस गोड लागला, आपसात एकमेकांना धरून पण बाकीच्या जगाचा द्वेष, वगैरे वगैरे.

आणि गंमत पुढेच आहे. लगेच पुढच्या परिच्छेदात म्हणतो की हे लोक एकच देव मानतात, तोही फक्त मनाने, आणि शहरातसुद्धा मूर्ती ठेवत नाहीत, देवळात तर नाहीच. अरे मग गाढव कुठून आलं? अजून चार पानं उलटली तर स्वतःच सांगतो की रोमन सेनापती पॉम्पी गाभाऱ्यात शिरला तेव्हा आत काहीच नव्हतं!

तर सगळेच ग्रीक रोमन असं बोलायचे का हा एकटाच? ती गाढवाची भानगड कोणी सुरू केली? आणि ह्याला आजच्या अर्थाने ज्यूद्वेष म्हणायचं का नाही? फार मोठं लिहिलं असेल तर सॉरी.

अर्धवटराव

टॅसिटसला संपादक नव्हता, एवढंच सिद्ध होतं. (हलके घ्या.)

बाकी धागा बुकमार्क केलाय, चहा टाकून येतो.

शिळोप्याचा_गडी

मस्त धागा. उत्तर लांब आहे पण सुरुवात टॅसिटसपासून करू नका, तो फार नंतरचा, इ.स. १०० च्या आसपास लिहितोय आणि तोपर्यंत पुलाखालून बरंच पाणी गेलेलं. आपण ४०० वर्षं मागे जाऊ, अलेक्झांडर नुकताच मेलाय तेव्हा.

ग्रीकांना ज्यू लोक खरे कळले ते ह्या काळात, आणि पहिल्यांदा कळले तेव्हा ग्रीक चक्क खूश झालेले दिसतात! थिओफ्रास्टस, म्हणजे ॲरिस्टॉटलचा चेला आणि त्याच्यामागे शाळा चालवणारा, तो लिहितो की हे लोक जातीचेच तत्त्वज्ञ, आपसात देवाविषयी बोलत बसतात आणि रात्री आकाशातले तारे बघतात. (त्याच्या त्या यज्ञाच्या वर्णनात चुका आहेत, ऐकीव माहिती असणार.) दुसरा चेला क्लिआर्कस, त्याने तर ॲरिस्टॉटलच्याच तोंडी एक किस्सा घातलाय की आशिया मायनरमध्ये असताना एक ज्यू माणूस भेटला, तो नुसता भाषेने नाही तर मनानेही ग्रीक होता, आणि आमच्याकडून शिकायला आला पण आम्हालाच चार गोष्टी शिकवून गेला. आता इथे नीट बसा. क्लिआर्कस पुढे म्हणतो की हे ज्यू मूळ भारतातल्या तत्त्वज्ञांचे वंशज, भारतात ह्या तत्त्वज्ञांना 'कलानोई' म्हणतात आणि सिरियात 'ज्यू' म्हणतात!!

'कलानोई' म्हणजे काही जातबित नाही हो. अलेक्झांडरबरोबर तक्षशिलेहून एक नागवा साधू गेला होता, ग्रीक त्याला कलानोस म्हणायचे. प्लुटार्क सांगतो की तो भेटेल त्याला 'काले' असं काहीतरी म्हणायचा म्हणून हे नाव पडलं, 'कल्याण' म्हणत असणार बिचारा. त्याने पुढे इराणात सगळ्या सैन्यासमोर स्वतःला चितेवर जाळून घेतलं आणि ग्रीकांच्या डोक्यात कायमचा बसला. त्या एका माणसाच्या नावावरून ह्यांनी अख्खा वर्ग बनवला आणि ज्यूंना त्याची शाखा करून टाकलं.

मेगॅस्थेनीसही तेच सूर लावतो, आपल्या चंद्रगुप्त मौर्याच्या दरबारातला ग्रीक राजदूत तो. त्याचं म्हणणं, निसर्गाबद्दल ग्रीसच्या जुन्या लोकांनी जे जे सांगितलं ते सगळं ग्रीसबाहेरच्या तत्त्वज्ञांनीही सांगितलंय, भारतात ब्राह्मणांनी आणि सिरियात ज्यूंनी. म्हणजे पाटलीपुत्राच्या दरबारात वावरलेल्या माणसाच्या पुस्तकात एका वाक्यात ब्राह्मण आणि ज्यू शेजारी शेजारी.

आता हे कौतुक खरं का? तर अर्धं खरं. ग्रीकांना पूर्वेकडे कुठेतरी शहाण्या लोकांचं गाव हवंच असायचं, त्यात हे बरे बसले. कोणी हिब्रू शिकून त्यांची पोथी वाचली होती असं नाही. पण वाईट बोलायचं कारण अजून कोणाला मिळालं नव्हतं हेही तितकंच खरं.

पेंगुळलेला_वाचक

बाप रे, कलानोस. हे शाळेत का नाही शिकवत. मग बिघडलं कुठे?

घाटावरची

बिघडलं इजिप्तमध्ये. आणि त्याची सुरुवात ग्रीकांच्याही आधीची आहे. नाईल नदीत एलिफंटिनी म्हणून बेट आहे, तिथे इराणी साम्राज्याच्या पगारावर ज्यू शिपायांची छावणी होती आणि त्यांचं स्वतःचं देऊळ होतं. इ.स.पू. ४१० मध्ये शेजारच्या ख्नूम देवाच्या पुजाऱ्यांनी तिथल्या इराणी अधिकाऱ्याला हाताशी धरून ते देऊळ पाडलं, आणि ज्यूंनी नंतर केलेला तक्रारअर्ज पपायरसवर आजही शिल्लक आहे. ख्नूम हा मेंढ्याच्या तोंडाचा देव आणि ज्यू लोक सणाला कोकरू कापायचे, त्यावरून वाजलं असेल असा एक अंदाज आहे. जागेचा वाद, देवळाचा वाद, वरती परका साहेब आणि खाली दोन जमाती. ओळखीचं वाटतंय ना.

आता ज्यूंच्या वल्हांडण सणाची गोष्ट काय, तर इजिप्तच्या राजाने, फेरोने, छळलं, देवाने इजिप्तवर एकामागून एक संकटं पाठवली, आणि आम्ही सुटलो. ही गोष्ट दर वर्षी इजिप्तमध्येच बसून सांगायची म्हणजे इजिप्तच्या माणसाला ती कशी लागत असेल? मग त्यांनी आपली उलटी गोष्ट तयार केली. मनेथो हा इजिप्शियन पुजारी, इ.स.पू. तिसऱ्या शतकात ग्रीकमध्ये आपल्या देशाचा इतिहास लिहितो, त्यात ८०,००० कुष्ठरोगी आणि रोगट माणसं राजाने खाणीत कामाला धाडली, त्यांचा पुढारी एक फुटलेला पुजारी, तोच पुढे मोझेस (ज्यूंचा पुढारी आणि कायदेकर्ता) झाला, असं आलंय. म्हणजे "आम्ही सुटलो" ह्याला उत्तर "सुटलात कसले, आम्ही हाकललं." टॅसिटसच्या साथीच्या गोष्टीचं मूळ इथे आहे, मधे दोन-तीन हात बदललेत.

ह्याच सुमाराचा हेकाटेयस नावाचा ग्रीक मात्र मधल्या वाटेचा. तोही हाकलल्याचीच गोष्ट सांगतो पण म्हणतो की त्याच वेळी हाकललेल्यांतले काही ग्रीसला आले, म्हणजे ज्यू आणि काही ग्रीक एकाच होडीतले. मोझेसला तो शहाणा कायदेकर्ता म्हणतो, मूर्ती का नाही तर देवाला माणसाचा आकार नाही म्हणून, असं सरळ सांगतो. फक्त एक वाक्य टाकतो की स्वतः हाकलले गेल्यामुळे त्याने लोकांना जरा माणूसघाणी, परक्यांशी फटकून राहायची रीत लावली. तो हे समजुतीने म्हणतोय. पण नंतरच्या लोकांनी कौतुक गाळलं आणि 'माणूसघाणे' तेवढं उचललं.

आता गाढव. पेंगुळलेले भाऊ, ह्यासाठी तुम्हाला ॲपिऑन माहीत पाहिजे. इजिप्तमध्ये वाढलेला, होमरवर व्याख्यानं देणारा मोठा विद्वान, आणि तेवढाच मोठा बढाईखोर, खुद्द टायबेरियस बादशहा त्याला 'जगाची झांज' म्हणायचा. त्याच्या म्हणण्याप्रमाणे जेरुसलेमच्या देवळात सोन्याचं गाढवाचं डोकं होतं, सिरियाच्या अँटायोकस राजाने देऊळ लुटलं तेव्हा ते सापडलं. शिवाय दर वर्षी एक ग्रीक पकडून, खाऊपिऊ घालून जाडजूड करून बळी देतात. आणि शब्बाथ का पाळतात? तर सहा दिवस चालून जांघेत गाठी आल्या म्हणून सातव्या दिवशी बसले, आणि इजिप्शियन भाषेत त्या दुखण्याला 'सब्बो' म्हणतात, झाला शब्बाथ!

ह्याला जोसेफसने उत्तर दिलंय ते वाचाच. जोसेफस हा आधी रोमनांविरुद्ध लढलेला ज्यू सेनापती, पकडला गेला, मग रोममध्ये राहून लिहीत बसला. तो विचारतो, ॲपिऑनच्याच आकड्याप्रमाणे १,१०,००० माणसं होती, सगळ्यांना एकदम जांघेत गाठी? आणि गाढवाबद्दल म्हणतो, अँटायोकस, पॉम्पी, क्रॅसस, टायटस एवढे जण देवळात शिरले, कोणालाही काही दिसलं नाही, आमच्याकडे गाढव म्हणजे इतर शहाण्या लोकांकडे असतं तेच, ओझं वाहणारं जनावर. मला हे वाक्य फार आवडतं.

पण हसून सोडून देऊ नका. हा ॲपिऑन ज्या अलेक्झांड्रियात मिरवत होता तिथे इ.स. ३८ मध्ये ज्यूंची घरं लुटली, त्यांच्या प्रार्थनाघरांत बादशहाचे पुतळे घुसवले, सगळ्यांना एका मोहल्ल्यात कोंबलं आणि रस्त्यात जाळून मारलं. तिथला रोमन सुभेदार फ्लॅकस हातावर हात ठेवून होता, उलट त्यानेच ज्यूंना परके ठरवणारं फर्मान काढलं. नंतर रोमचा बादशहा कॅलिगुलाकडे दोन्ही बाजूंची शिष्टमंडळं गेली, ज्यूंकडून तत्त्वज्ञ फायलो आणि ग्रीकांकडून कोण? ॲपिऑनच.

काळाकोट

घाटावरची ताईंना दंडवत. मी पेशाने वकील, त्यामुळे रोमचा नावाजलेला वकील सिसेरो ह्याची बाजू, आय मीन सिसेरोची लबाडी मी सांगतो.

इ.स.पू. ५९. ह्याचा अशील फ्लॅकस (हा दुसरा, वरचा नव्हे, वर्षं बघा) आशिया प्रांताचा सुभेदार होता. ज्यू लोक दर वर्षी जेरुसलेमच्या देवळासाठी वर्गणीचं सोनं पाठवायचे, ते ह्याने जप्त केलं, एकट्या अपामिया गावात जवळपास १०० रोमन पौंड. खटला उभा राहिला. सिसेरो उठतो आणि म्हणतो की मी आवाज खाली ठेवतो, फक्त ज्युरींना ऐकू जाईल एवढाच, कारण ही मंडळी किती एकजुटीने गर्दी करतात तुम्हाला माहितीये, त्यांना कोणी भडकवेल. हाहाहा. कोर्टात हा डाव आजही चालतो, साक्षीदाराला न विचारता नुसतं गॅलरीकडे बघून कुजबुजायचं. पुढे ज्यू धर्माला 'रानटी अंधश्रद्धा' म्हणून मोकळा होतो. आणि जाता जाता हेही कबूल करतो की पॉम्पीने जेरुसलेम घेतलं तेव्हा देवळातल्या एकाही वस्तूला हात लावला नव्हता. म्हणजे आपल्याच अशिलाची गोची.

पण माझा मुद्दा वेगळाच. त्याच भाषणात सिसेरो ग्रीक साक्षीदारांना काय म्हणतो वाचा, ह्यांना शपथेची किंमत नाही म्हणतो, आशिया मायनरमधल्या फ्रिजिअन मायसिअन सगळ्यांच्या नावाने म्हणी काढतो. रोमन व्यंगकवी जुवेनलचंही तसंच. ज्यूंवर लिहितो की बाप शब्बाथ पाळतो, ढगांची पूजा करतो आणि मुलगा पुढे जाऊन सुंताच करून घेतो, पण तोच माणूस ग्रीकांनी भरलेलं रोम मला सहन होत नाही म्हणून पान पान रडतो आणि इजिप्शियनांना तर नरभक्षक करून टाकतो. होरेस एका कवितेत चमत्कार ऐकून म्हणतो 'हे तो ज्यू अपेला मानेल, मी नाही', ती तर नुसती टपली आहे. तेव्हा मला वाटतं रोमन माणूस परक्या प्रत्येकालाच हसायचा, ज्यूंना वेगळं काढून ज्यूद्वेष म्हणणं म्हणजे आजचा चष्मा लावणं झालं.

घाटावरची

काळाकोटदादा, सिसेरोपुरतं मान्य. पण पुढे टिकत नाही. रोमन तत्त्वज्ञ सेनेका बघा, तो म्हणतो सातवा दिवस बसून काढणारे आयुष्याचा सातवा भाग वाया घालवतात, ठीक, हे टपलीत धरू. पण लगेच पुढे म्हणतो, 'जिंकलेल्यांनी जिंकणाऱ्यांना आपले कायदे दिले.' हे हसणं नाही, ही धास्ती आहे. लोक, रोमन लोक, शब्बाथला दिवे लावायला लागले होते, डुक्कर सोडत होते, आणि तुम्ही सांगितलेल्या जुवेनलच्या ओळीत नेमकं तेच दुखणं आहे की बाप अर्धा गेला आणि पोरगा पूर्ण गेला. ग्रीक माणूस शेजारी आला तर तो तुमच्या देवाला हार घालायचा, हे लोक घालत नव्हते. आणि रोममध्ये देवाला हार घालणं म्हणजे सरकारला मान देणं.

शिवाय इ.स. ७० नंतरचा कर. देऊळ जाळल्यावर जेरुसलेमला जाणारी दोन द्राख्माची वर्गणी रोमनांनी बंद नाही केली, ती रोमच्या ज्युपिटरच्या देवळाकडे वळवली! जगात कुठेही ज्यू असाल तर भरा. बादशहांची चरित्रं लिहिणारा सुटोनियस सांगतो की तो तरुण असताना भर कचेरीत एका ९० वर्षांच्या म्हाताऱ्याचे कपडे उतरवून सुंता झालीये का हे तपासताना त्याने स्वतः पाहिलं. ग्रीकांच्या नावाने म्हणी होत्या, पण ग्रीक म्हणून कर भरायला कुणाचं धोतर नाही सोडलं.

काळाकोट

हा म्हातारा मला माहीत नव्हता. मुद्दा नोंदवून घेतो. तरी शब्दाबद्दल माझी हरकत कायम.

आजी_अश्दोद

मुलांनो, मी फक्त वाचणारी, लिहीत नाही फारशी. आम्ही बेने इस्रायल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू, माझं माहेर अलिबागजवळ, सगळं आयुष्य आता इकडे इस्रायलमध्ये गेलं. पण शब्बाथचा आळस आळस वाचून राहवलं नाही.

आमच्या आजोबांचा तेलाचा घाणा होता. शनवारी घाणा बंद, बैलसुद्धा उभा. गावात कुणाला हिब्रू नाही माहीत, शब्बाथ माहीत नाही, आम्हालाच कुठे नीट माहीत होतं म्हणा. गावाने काय केलं, आम्हाला नाव दिलं शनवार तेली. बस. शुक्रवारी तेल न्यायचं हे बायकांना पाठ. कोणी जांघेतल्या गाठी काढल्या नाहीत.

आणि ती वल्हांडणाची गोष्ट, ती आमच्यात मराठीतच वाचत. १८७४ साली पुण्याला छापलेला मराठी हगादा (वल्हांडणाला वाचायची पोथी) आहे, त्यात बायका लुगडं नेसून भाकरी भाजतात अशी चित्रं आहेत. फेरो मात्र फेरोच.

अर्धवटराव

आजी, नमस्कार. 'बैलसुद्धा उभा' हे सेनेकाला कळवायला पाहिजे होतं.

पेंगुळलेला_वाचक

आजी तुमचा प्रतिसाद वाचून फार बरं वाटलं, अजून लिहा की.

शिळोप्याचा_गडी

आजींना नमस्कार. मधे दोन दिवस नव्हतो, बरंच झालंय इथे. एक गोष्ट राहतेय, टॅसिटसबद्दलच.

त्याचं अजून एक छोटं पुस्तक आहे, 'जर्मानिया', इ.स. ९८ चं, ऱ्हाईनपलीकडच्या जर्मन टोळ्यांवर. त्याचा ९ वा भाग उघडा. हे लोक देवांना भिंतीत कोंडत नाहीत, माणसाच्या तोंडाची मूर्ती करत नाहीत, कारण ते देवांच्या मोठेपणाला शोभत नाही, असं तो मानाने लिहितो. मग १९ वा उघडा. नको असलेलं मूल मारणं ह्यांच्यात पाप समजतात, आणि इकडे चांगली वळणं जेवढं काम करतात तेवढं दुसरीकडे चांगले कायदेही करत नाहीत, असा रोमला चिमटा काढतो. आता 'हिस्टरीज'मध्ये परत या. ज्यूसुद्धा मूर्ती करत नाहीत, ज्यूसुद्धा जन्मलेलं मूल मारत नाहीत, लॅटिन शब्दसुद्धा जवळजवळ तेच आहेत. पण इथे तो लिहितो की हे त्यांना आपली संख्या वाढवायचीये म्हणून! गुण तोच, जर्मनाच्या अंगावर शोभला आणि ज्यूच्या अंगावर डाव झाला.

त्यामुळे काळाकोट म्हणतात तसं 'सगळ्यांनाच हसायचे' हे मला पटत नाही. टॅसिटसला मूर्ती नसण्याचा त्रास नाहीये. त्याच्या आधीचा वॅरो, रोमचा सगळ्यात पढिक माणूस, तो तर म्हणायचा की आपले पूर्वज १७० वर्षं मूर्तीशिवाय देव पुजत होते तेच बरं होतं, आणि दाखला ज्यूंचा द्यायचा. त्रास आहे तो हे जिंकलेले लोक नमत नाहीत आणि वर आपली माणसं तिकडे जातात ह्याचा. जर्मन जंगलात होते, रोममध्ये दिवे लावत नव्हते.

आणि पेंगुळलेले, टॅसिटसची विसंगती तुम्ही बरोबर पकडली. त्याने चार-पाच ठिकाणचं उचललंय, क्रीट बेटावरून आले, इथिओपियातून आले, असिरियातून आले, होमरमधल्या सोलिमी लोकांचे वंशज, सगळं एकापुढे एक मांडतो आणि सगळ्यात जास्त जागा इजिप्तच्या गोष्टीला देतो. गाढव त्या गठ्ठ्याबरोबर आलं, रिकामा गाभारा पॉम्पीच्या हकिकतीबरोबर आला.

सगळे असे नव्हते हेही सांगून टाकतो. साहित्यातल्या भव्यतेवर ग्रीकमध्ये एक ग्रंथ आहे, लिहिणाऱ्याचं नाव पक्कं नाही, लाँजायनस म्हणतात. तो देवाचं वर्णन कसं करावं ह्यासाठी होमरच्या पाठोपाठ थेट 'प्रकाश होवो, आणि प्रकाश झाला' हे उदाहरण देतो आणि म्हणतो ज्यूंचा हा कायदेकर्ता साधासुधा माणूस नव्हता. आणि दुसऱ्या शतकात सिरियातला न्युमेनियस विचारतो, 'प्लेटो म्हणजे ॲटिक ग्रीक बोलणारा मोझेसच नाही तर काय?' म्हणजे थिओफ्रास्टसवाला जुना सूर ४५० वर्षांनी परत.

पेंगुळलेला_वाचक

जर्मानियाचे दोन्ही भाग आत्ता शेजारी शेजारी उघडून बघितले. च्यायला. खरंच तेच शब्द आहेत.

एक राहिलं, मेगॅस्थेनीसचं ते ब्राह्मण-ज्यू वाक्य कुठे सापडेल? त्याचं पुस्तक 'इंडिका' तर हरवलंय ना?

शिळोप्याचा_गडी

हरवलंय, हो. अलेक्झांड्रियाचा क्लेमेंट म्हणून ख्रिस्ती लेखक आहे, त्याने इंडिकाच्या तिसऱ्या भागातून म्हणून ते उतरवून ठेवलंय. क्लिआर्कसचा किस्सा जोसेफसने ठेवलाय, थिओफ्रास्टसचा पॉर्फिरी नावाच्या नंतरच्या तत्त्वज्ञाने, आणि मनेथो, ॲपिऑन ह्यांच्या शिव्याही जोसेफसनेच, खोडायच्या म्हणून. ज्याला त्यांचं तोंड बघायचं नव्हतं त्यानेच त्यांना आपल्यापर्यंत आणलं.

अर्धवटराव

ॲपिऑनला कळलं असतं तर दुसऱ्यांदा मेला असता.

घाटावरची

तो पहिल्यांदा कसा मेला ते जोसेफसने लिहिलंय, पण आजी वाचतायत म्हणून इथे सांगत नाही.

आजी_अश्दोद

सांग ग सांग. सुंतेचंच ना? माहितीये मला.